दाढी उतरल्यानंतर : ओझूच्या एका विनोदी मूकपटातील नैतिक प्रश्न

१

दुसऱ्या व्यक्तीने बदलावे अशी अपेक्षा करणे आणि त्या व्यक्तीविषयी आदर बाळगणे या दोन गोष्टी एकत्र नांदू शकतात काय, हा प्रश्न नीतिविचारात सहसा गंभीर उदाहरणांच्या आधारे मांडला जातो. धर्मांतर, देशांतर, पक्षांतर अशा प्रसंगी माणसाने काय सोडले आणि काय राखले याची चर्चा होते. परंतु दैनंदिन व्यवहारात हा प्रश्न फार क्षुल्लक रूपात समोर येतो : कोणी कसे बोलावे, कसे बसावे, अंगात काय घालावे, चेहरा कसा ठेवावा. रूप क्षुल्लक असल्यामुळे त्याच्या तळाशी असलेला नैतिक पेच नजरेतून निसटतो. सुखात्मिका या साहित्यप्रकाराचे एक महत्त्वाचे कार्य असे की, गंभीर वाङ्मय ज्याकडे दुर्लक्ष करते तो क्षुल्लकाचा प्रदेश ती तपासते. प्रस्तुत लेखात यासुजिरो ओझू या जपानी दिग्दर्शकाच्या १९३१ मधील ‘शुकुजो तो हिगे’ या मूकपटाच्या आधारे हा पेच उलगडण्याचा प्रयत्न केला आहे. शीर्षकाचा अर्थ ‘कुलीन स्त्री आणि दाढी’ असा आहे. (‘हिगे’ या जपानी शब्दात दाढी आणि मिशी दोन्ही येतात.)

ओझूचे नाव आपल्याकडे प्रामुख्याने त्याच्या उत्तरकालीन, संथ आणि विरक्त कौटुंबिक चित्रपटांमुळे परिचित आहे. ‘टोकियो मोनोगातारी’ (१९५३) ही त्या पर्वाची सर्वज्ञात कृती. परंतु १९३० च्या आसपास शोचिकु कंपनीच्या कामाता येथील स्टुडिओत काम करणारा ओझू हा हॉलिवुडच्या विनोदपटांचा चाहता आणि विद्यार्थिजीवनावर प्रहसने रचणारा तरुण दिग्दर्शक होता. ‘शुकुजो तो हिगे’ची पटकथा कोमात्सु कितामुरा याची, विनोदी प्रसंगांच्या रचनेसाठी जे ‘जेम्स माकी’ हे नाव येते ते ओझूनेच घेतलेले टोपणनाव. याच कंपनीचा ‘मादामु तो न्योबो’ हा जपानचा पहिला यशस्वी बोलपट त्याच वर्षी ऑगस्टमध्ये आला. म्हणजे ही कृती मूकपटयुगाच्या उतरणीवरची आहे. अर्थात, जपानी मूकपट पूर्णतः मूक नसे; पडद्याशेजारी उभा राहून निवेदन करणारा ‘बेन्शी’ त्याला वाणी देत असे.

२

कथानक थोडक्यात असे. ओकाजिमा हा केन्दोत, म्हणजे जपानी तलवारबाजीत, निष्णात असलेला विद्यार्थी. आरंभीच्या दृश्यात सामना चालू आहे. केन्दोतील योद्ध्याचा चेहरा जाळीच्या मुखवट्याआड असतो. मुखवट्याच्या मागे आहे ती भरघोस दाढी. तेरुओ या श्रीमंत मित्राच्या घरी त्याच्या बहिणीचा, इकुकोचा, वाढदिवस आहे. तिच्या नव्या वळणाच्या मैत्रिणींच्या मेळाव्यात हा पारंपरिक पोशाखातला दाढीवाला अवतरतो, त्याची थट्टा होते, आणि नृत्याची वेळ येते तेव्हा तो तलवारनृत्य करून दाखवतो. दुसरीकडे हिरोको ही किमोनो घालणारी, टंकलेखिकेचे काम करणारी साध्या घरातील मुलगी. सातोको या पाश्चात्त्य पोशाखातील गुन्हेगार तरुणीच्या तावडीतून ओकाजिमा तिला सोडवतो. पुढे त्याला नोकरी मिळत नाही, त्याचे कारण दाढी आहे हे हिरोको त्याला सांगते. तो दाढी उतरवतो, हॉटेलात नोकरीला लागतो, आणि आता तिन्ही स्त्रिया त्याच्याकडे आकृष्ट होतात. शेवटी निवड हिरोकोची होते.

या कथेतील हास्याचा विचार करताना भरताची आठवण अपरिहार्य ठरते. नाट्यशास्त्रात हास्याची उत्पत्ती शृंगारापासून सांगितली आहे. शृंगाराची अनुकृती ती हास्य. हास्याच्या विभावांत विकृत वेषाला अग्रस्थान आहे. ओकाजिमाचा अवघडलेला प्रणय आणि त्याची दाढी ही या दोन्ही सूत्रांची सहज उदाहरणे म्हणून दाखवता येतील. परंतु इथे एक अडचण उपस्थित होते. वेष ‘विकृत’ ठरण्यासाठी ‘प्रकृत’ वेष कोणता याविषयी समाजात एकवाक्यता असावी लागते. भरताच्या व्यवस्थेत ती गृहीत आहे. देश, वय, जाती यांना अनुरूप वेष ठरलेला आहे. आधुनिकीकरणाच्या काळात नेमकी हीच एकवाक्यता मोडते. इकुकोच्या दिवाणखान्यात ओकाजिमा विकृतवेषधारी आहे. केन्दोच्या आखाड्यात त्या मुलींचे आखूड केस आणि झगे तसे ठरले असते. कोण कोणाला हसणार हे वेषावरून ठरत नाही, दिवाणखाना कोणाचा आहे यावरून ठरते.

भरताने हास्याचे जे सहा भेद सांगितले, स्मितापासून अतिहसितापर्यंत, ते हसणाऱ्याच्या उत्तम, मध्यम, अधम प्रकृतीनुसार सांगितले आहेत, ही बाब इथे विशेष उपयुक्त आहे. हास्य हसणाऱ्याविषयीही काही सांगते, ही दृष्टी त्या वर्गीकरणात अनुस्यूत आहे. आंरी बर्गसाँने १९०० मध्ये हास्यावरील आपल्या प्रबंधात जो विचार मांडला त्यात हा भाग मागे पडतो. बर्गसाँच्या मते सजीवावर चढलेला यांत्रिक ताठरपणा हास्यास्पद असतो, आणि समाज हसून त्या ताठरपणाला शासन करतो, व्यक्तीला पुन्हा लवचीक बनवतो. ओकाजिमाचे वर्णन म्हणून हे चपखल आहे. जिथे नाचायचे तिथे तो तलवार काढतो. परंतु शासन करणारा समाज स्वतः किती लवचीक आहे, हे बर्गसाँ फारसे विचारत नाही. इकुकोच्या मैत्रिणीही एका ठरीव साच्यातच वागतात. त्यांचा साचा नवा आहे, एवढेच.

३

दाढी म्हणजे परंपरा आणि गुळगुळीत चेहरा म्हणजे आधुनिकता, असे समीकरण हा चित्रपट वरवर मांडतो. इतिहास मात्र त्याला दुजोरा देत नाही. सतराव्या शतकात शोगुनशाहीने मोठ्या दाढीमिशांवर निर्बंध घातले होते, आणि एदो काळातील सामुराई साधारणपणे गुळगुळीत चेहऱ्याचाच होता. त्याची खूण म्हणजे डोक्यावरची शेंडीवजा केसांची गाठ. १८७१ मध्ये मेइजी शासनाने ही गाठ कापण्यास आणि तलवार न बाळगण्यास मोकळीक देणारा आदेश काढला, १८७३ मध्ये स्वतः सम्राटाने केस कापले, आणि १८७६ मध्ये तलवार धारण करण्यास बंदी झाली. याच काळात सम्राट आणि इतो हिरोबुमीसारखे मुत्सद्दी युरोपीय राज्यकर्त्यांच्या धर्तीवर दाढीमिशा राखू लागले. म्हणजे ओकाजिमाच्या चेहऱ्यावर जी ‘परंपरा’ दिसते ती त्याच्या आजोबांच्या पिढीची आधुनिकता आहे.

त्याच्या कलेचेही असेच. जुन्या तलवारविद्येला ‘केन्दो’ हे नाव अधिकृतपणे रूढ झाले ते १९२० च्या आसपास, १८९५ मध्ये स्थापन झालेल्या ‘दाइ निप्पोन बुतोकुकाइ’ या संस्थेच्या पुढाकाराने. आणि त्याच्या रांगडेपणाचेही असेच. मेइजी काळात उंच कॉलर घालून पाश्चात्त्य ऐट मिरवणाऱ्यांना ‘हाइकारा’ म्हणत. त्यांना उत्तर म्हणून विद्यार्थ्यांमध्ये मुद्दाम फाटके कपडे, विस्कटलेले केस आणि आडदांड बोलणे यांची एक शैली निर्माण झाली. तिला शब्दाच्या त्याच साच्यातून ‘बांकारा’ हे नाव मिळाले. नाव सुद्धा प्रतिपक्षाकडून उसने घेतलेले. ओकाजिमा हा या बांकारा वळणाचा वारस आहे. त्याचा रांगडेपणा खेड्यातून आलेला नाही, महाविद्यालयातून आलेला आहे.

या तपशिलातून निघणारा निष्कर्ष आपल्या मूळ प्रश्नाच्या दृष्टीने महत्त्वाचा आहे. दाढी उतरवल्याने ओकाजिमाचे ‘सत्त्व’ नष्ट होते, अशी शोकात्म मांडणी करता येत नाही. कारण दाढी हे सत्त्व कधी नव्हतेच. ती एक घेतलेली भूमिका होती. पण म्हणून ती उतरवायला सांगणे आपोआप निरुपद्रवी ठरते असे मात्र नाही. माणसे घेतलेल्या भूमिकांतूनच जगतात, आणि त्या भूमिकांशी त्यांचा स्वाभिमान जोडलेला असतो. थोर पुरुषांना दाढ्या होत्या, असा दाखला देण्यामागे ओकाजिमाचा जो भाबडेपणा आहे त्याला आपण हसतो. परंतु आपल्या क्षुल्लक खुणेला इतिहासात एखादा थोर पूर्वज शोधणे ही सार्वत्रिक मानवी धडपड आहे. तेव्हा प्रश्न सत्त्वाचा राहत नाही, तो संबंधाचा होतो : बदलण्याची मागणी कोण करतो, कशाच्या आधारावर करतो, आणि मागणी करण्यापूर्वी त्याने समोरच्याला कितपत ओळखलेले असते?

४

या दृष्टीने इकुको आणि हिरोको यांची तुलना करण्यासारखी आहे. दोघींचीही ओकाजिमाशी भेट तो दाढीवाला असताना झाली आहे. इकुकोने त्याला पाहिले ते एक नमुना म्हणून. दाढीच्या पलीकडे पाहण्याचे तिला कारण वाटले नाही. दाढी गेल्यावर तिचे मन बदलते. या बदलाला दोष देणे कठीण आहे, कारण रूपाने आकृष्ट होणे हा अपराध नव्हे. परंतु तिच्या आकर्षणात एक पोकळी आहे. ज्या माणसाची तिने थट्टा केली आणि ज्याच्यावर ती अनुरक्त झाली ते दोघे तिच्या लेखी एक नाहीत. आधीच्या माणसाला तिने रद्द केले आहे. तिचे प्रेम जर ओकाजिमाने स्वीकारले, तर त्याबरोबर स्वतःच्या पूर्वायुष्याविषयीचा तिचा निकालही त्याला स्वीकारावा लागेल.

हिरोकोची गोष्ट याच्या नेमकी उलट आहे, आणि चित्रपटातील विरोधाभासही इथेच आहे. बदलण्याची स्पष्ट सूचना करणारी एकमेव स्त्री हिरोको आहे, आणि तो बदल स्वतःसाठी आवश्यक नसलेली स्त्रीही तीच आहे. दाढीवाल्या ओकाजिमाने तिला संकटातून सोडवले आहे. त्या माणसाचे मोल तिला ठाऊक आहे. दाढी काढण्याचा सल्ला ती आपल्या आवडीखातर देत नाही, त्याला नोकरी मिळावी म्हणून देते. म्हणून तिच्या सूचनेत निवाडा नाही. ‘तू असा आहेस म्हणून कमी आहेस’ असे ती म्हणत नाही. ‘जग तुला असे पाहते, आणि जगाशी तुला व्यवहार करायचा आहे’ एवढेच तिच्या बोलण्यातून सूचित होते.

यावरून एक तत्त्व मांडता येईल. बदलाची मागणी आदराशी सुसंगत ठरते ती ओळख मागणीच्या आधी झालेली असेल तेव्हा. जो बदलापूर्वीच्या माणसाला पूर्ण माणूस मानतो त्यालाच बदल सुचवण्याचा नैतिक अधिकार पोचतो. जिथे ओळख हे बदलाचे बक्षीस असते, तिथे मागणी कितीही सौम्य शब्दांत केलेली असो, तिच्यात अवमान राहतो. चित्रपटाच्या अखेरच्या भागाचा अन्वयार्थही याच सूत्राने लागतो. सातोको ओकाजिमाच्या खोलीवर रात्र काढते. हिरोको येते, तिला तिथे पाहते, आणि तरी ओकाजिमावरचा तिचा विश्वास ढळत नाही. प्रहसनाच्या संकेतानुसार या ठिकाणी गैरसमजाचा स्फोट व्हायला हवा. तो टळतो, आणि त्या विश्वासाने हललेली सातोको निघून जाते. हिरोकोचा विश्वास पुराव्यावर आधारलेला नाही. पुरावा तर विरुद्धच आहे. तो आधीच्या ओळखीवर उभा आहे. चेहरा पाहून ज्याने माणूस ठरवला नाही, तो प्रसंग पाहूनही ठरवत नाही.

५

या मांडणीवर तीन आक्षेप संभवतात, आणि ते गंभीर आहेत.

पहिला आक्षेप असा की, खरी मागणी हिरोकोची नाहीच. ती नोकरी देणाऱ्यांची आहे. १९२९ मध्ये ओझूने ‘दाइगाकु वा देता केरेदो’ म्हणजे ‘पदवी तर घेतली, पण...’ या नावाचा चित्रपट केला होता, आणि हे शब्द त्या काळातील सुशिक्षितांच्या बेकारीचे ब्रीदवाक्य होऊन बसले. मंदीच्या त्या दिवसांत उमेदवाराची दाढी हे नाकारण्याचे पुरेसे कारण होते. हिरोको ही मागणी केवळ पोचवते, आणि प्रेमाच्या गोड वाणीत पोचवल्यामुळे तिची धार बोथट होते. जुलूम जेव्हा जिव्हाळ्याच्या मुखाने बोलतो तेव्हा त्याला विरोध करणे अधिकच अवघड होते. या आक्षेपात तथ्य आहे. हिरोकोची सदिच्छा नोकरीच्या बाजाराला न्याय्य ठरवू शकत नाही, हे मान्यच केले पाहिजे. परंतु त्यावरून हिरोकोची कृती गैर ठरत नाही. अन्याय्य अट माणसाला स्वच्छपणे कळवणे आणि ती अट स्वतः लादणे यांत भेद आहे. तिने गप्प बसून त्याच्या बाणेदारपणाचे कौतुक करणे हे अधिक सोपे, पण कमी प्रामाणिक ठरले असते. त्या कौतुकाची किंमत उपाशी राहून त्याने मोजली असती.

दुसरा आक्षेप प्रेक्षकाविषयी आहे. ओकाजिमाची भूमिका तोकिहिको ओकादा या त्या काळच्या देखण्या आणि लोकप्रिय नटाने केली होती. (तो १९३४ मध्ये अल्पवयात वारला, त्याची मुलगी मारिको ओकादा पुढे ओझूच्या १९६० च्या ‘अकिबियोरी’मध्ये दिसते.) दाढीखाली कोणता चेहरा आहे हे तिकीट काढणाऱ्याला आधीच माहीत होते. म्हणजे ‘रूपापलीकडचा माणूस पाहा’ असा उपदेश करणारी ही कृती प्रेक्षकाची परीक्षा घेतच नाही. त्याला ती इकुकोच्या जागी बसवते आणि हिरोको असल्याचे समाधान देते. दाढीखाली सामान्य चेहरा निघाला असता तर? या प्रश्नाला चित्रपट उत्तर देत नाही, आणि लोकप्रिय सुखात्मिका देऊही शकत नाही. ही त्या रूपबंधाचीच मर्यादा आहे, आणि तिची नोंद घेतल्याशिवाय या कृतीचे मूल्यमापन प्रामाणिक होणार नाही.

तिसरा आक्षेप सातोकोच्या बाजूने आहे, आणि मला तो सर्वांत अधिक अस्वस्थ करतो. १९२३ च्या महाभूकंपानंतर नव्याने उभ्या राहिलेल्या टोकियोत ‘मोगा’, म्हणजे ‘मोदान गारु’, ही नवी स्त्री वृत्तपत्रांच्या आणि कादंबऱ्यांच्या चर्चेचा विषय झाली होती. या चित्रपटात पाश्चात्त्य पोशाखातली स्त्री गुन्हेगार आहे आणि किमोनो नेसणारी सद्गुणी. ओकाजिमाला दाढी काढून आधुनिक होण्याची मुभा आहे, नव्हे, त्याला तसे करावेच लागते. हिरोकोचे मोल मात्र ती न बदलण्यात आहे. सातोकोने बदलावे अशी अपेक्षा होते तेव्हा तिला आधी कोणी ओळखले होते काय? ओकाजिमा तिच्याशी सहृदयतेने वागतो हे खरे. पण कथा तिला पश्चात्ताप देऊन निरोप देते, तिच्या पुढच्या दिवसांची चौकशी करत नाही. हिरोकोच्या बाबतीत ज्या तत्त्वाचा चित्रपट पुरस्कार करतो, तेच तत्त्व सातोकोला लावताना तो आखडता हात घेतो. कलाकृतीतील नैतिक विचाराची कसोटी तिच्या प्रिय पात्रांवर लागत नाही. जी पात्रे तिला मार्गातून दूर करायची असतात त्यांच्यावर लागते. या कसोटीला ‘शुकुजो तो हिगे’ पूर्णतः उतरत नाही.

६

आक्षेप जमेस धरूनही या कृतीत काहीतरी शिल्लक राहते, आणि ते ओकाजिमाच्या अवघडलेपणात आहे. चित्रपटाच्या एकच वर्ष आधी, १९३० मध्ये, शूझो कुकी या तत्त्वज्ञाचा ‘इकि नो कोझो’ हा ग्रंथ प्रसिद्ध झाला. युरोपात राहून आलेल्या आणि बर्गसाँला प्रत्यक्ष भेटलेल्या कुकीने त्यात एदो नगरातील ‘इकि’ या सौंदर्यमूल्याची मीमांसा केली. रतिभाव, बाणेदारपणा आणि विरक्ती असे इकिचे तीन घटक तो सांगतो. इकि असलेली व्यक्ती आकर्षणाचा खेळ खेळते, पण त्यात सापडत नाही. दोघांमधील अंतर ती शेवटपर्यंत राखते. याच्या विरुद्ध टोकाला ‘याबो’ आहे : ढोबळ, अनाडी, शहरी रीतभात न कळणारा.

कुकीच्या परिभाषेत ओकाजिमा हा अस्सल याबो आहे. चित्रपट त्याची दाढी काढतो, पण त्याला इकि बनवत नाही. गुळगुळीत चेहऱ्याने हॉटेलच्या कामावर उभा असलेला हा तरुण आतून तोच राहतो. प्रणयाचा खेळ त्याला जमत नाही. अंतर राखून आकृष्ट करणे त्याला ठाऊक नाही. आणि हिरोकोचा विश्वास ज्यावर उभा आहे तो नेमका हाच गुण आहे. ज्याला ढोंग करता येत नाही त्याच्यावर पुराव्याविरुद्ध विश्वास ठेवता येतो. याबोचे नैतिक मूल्य या कृतीने दाखवले आहे. कुकीचे सौंदर्यशास्त्र ज्याला त्रुटी मानते ती विवाहाच्या निर्णयात पात्रता ठरते.

अर्थात, अवघडलेपण हे सत्यनिष्ठेचे खात्रीचे लक्षण मानणे भाबडेपणाचे होईल. ओशाळलेला माणूस खोटा असू शकतो आणि सफाईदार माणूस खरा. इथे दावा मर्यादित आहे. समाजाच्या रीती वेगाने बदलत असताना जो त्यांत चटकन मिसळत नाही, त्याच्या चाचपडण्यात जुन्या आणि नव्या रीतींमधील फट दृश्यमान होते. सफाईदार माणूस ती फट झाकतो. सुखात्मिका अवघडलेल्या माणसाला नायक करते तेव्हा ती आपल्याला त्या फटीतून पाहू देते.

मराठीच्या वर्गात शिकवणाऱ्यांना हा प्रश्न परका नाही. बोलीत वाढलेल्या विद्यार्थ्याला मुलाखतीपूर्वी ‘आनि-पानि’ सोडून ‘आणि-पाणी’ म्हणायला सांगितले जाते, आणि सांगणाऱ्याचा हेतू बहुधा हिरोकोसारखाच असतो. पण हेतू पुरेसा नाही. ती सूचना करण्यापूर्वी त्याच्या बोलीतले त्याचे म्हणणे आपण पूर्ण वाक्य म्हणून ऐकले होते काय, हे पाहावे लागते. ऐकले असेल तर सूचना ही मदत आहे. ऐकले नसेल, तर त्याने उच्चार सुधारल्यावर आपल्याला त्याच्यात अचानक दिसू लागणारी बुद्धिमत्ता इकुकोच्या अनुरागाच्या जातीची आहे.

‘शुकुजो तो हिगे’ हा ओझूच्या श्रेष्ठ कृतींत गणला जाणार नाही, आणि गणला जावा असा आग्रहही नाही. त्याचे महत्त्व एवढेच की, व्यक्तीचे बाह्यरूप आणि तिची ओळख यांच्यातील संबंधाचा प्रश्न त्याने न्हाव्याच्या खुर्चीइतक्या साध्या जागी आणून ठेवला, आणि त्याचे निम्मे उत्तर दिले. उरलेले निम्मे सातोकोबरोबर पडद्याबाहेर गेले आहे.